एका मैदानाचे दोन जावई

मैदानावर सगळे त्याला तोंडावर 'थोरले' म्हणत आणि पाठीमागे 'फुटपट्टी'. दोन्ही नावं खोटी नव्हती. थोरला, कारण ज्या म्हाताऱ्याने हे मैदान उभं केलं, त्याचा तो मोठा जावई. आणि फुटपट्टी, कारण खिशात सहा इंची लोखंडी पट्टी असल्याशिवाय तो घराबाहेर पडत नसे. चार पावलं चालायची, वाकायचं, पट्टी गवतात उभी धरायची, काहीतरी पुटपुटायचं आणि पुढे जायचं. रग्बीला गवत जरा वाढलेलं लागतं, पडणाऱ्या माणसाला तेवढीच गादी. ती गादी त्याने एकोणीस वर्षं राखली. त्या एकोणीस वर्षांत त्याला कधी कुणाचा हेवा वाटला नाही, आणि त्यात त्याचा काही मोठेपणा नव्हता. हेवा करावा असं शेजारी दुसरं कुणी नव्हतंच.

मैदान होतं उपनगराच्या अगदी टोकाला, बसच्या शेवटच्या थांब्यापासून पाच मिनिटांवर. पूर्वी तिथे वीटभट्टी होती. माती उपसून उपसून तिथे एवढा मोठा खड्डा पडला होता, की आसपासची घरं या खड्ड्यातूनच वर आली, असं लोक म्हणत. भट्टी बंद पडली, खड्ड्यात पाणी साठलं, मग लोकांनी त्यात राख, राडारोडा, मोडकी खाट, फुटकी बादली, जे नको ते टाकलं. रग्बी खेळणाऱ्या मूठभर लोकांना कुणी उभं करत नव्हतं. चिखलात लोळणारी दांडगी माणसं, त्यांना चांगली जागा कोण देणार? त्यांनी हा खड्डा मागितला आणि तो त्यांना मिळाला.

थोरल्याचे सासरे भट्टीवरचे शेवटचे कामगार. "माती मीच काढली, आता भरतो पण मीच," असं म्हणून ते क्लबाबरोबर राहिले. खड्डा भरायला तीन वर्षं लागली. तळाचं पाणी निघून जावं म्हणून त्यांनी भट्टीतल्या शेवटच्या मालातले भाजलेल्या मातीचे पाइप जमिनीखाली अंथरले, उतार देऊन, एकाला एक जोडून. वर राख, तिच्यावर वाळू, तिच्यावर नदीकाठची माती आणि मग गवत. पहिली काही वर्षं सामन्याआधी दोन्ही संघांचे गडी एका रांगेत उभे राहून, खाली मान घालून मैदान ओलांडत. खेळायच्या आधी विटांचे तुकडे वेचायचे, हा नियमच होता. मग प्रेक्षकांना बसायला लाकडी मांडव आला. तो वाऱ्याने पाडला, तेव्हा पक्का बांधला. त्याच्या पायऱ्यांखाली दोन खोल्या निघाल्या, आणि सासरे, सासूबाई आणि त्यांच्या दोन मुली तिथे राहायला आल्या.

थोरला तेव्हा एका वर्कशॉपमध्ये मेकॅनिक होता. एकदा मैदानाचा रोलर दुरुस्त करायला आला आणि जावई होऊन राहिला. हा विनोद मैदानावर पुढे पंचवीस वर्षं चालला. काम त्याने सासऱ्यांच्या हाताखाली शिकून घेतलं. म्हातारा शिकवायचा चांगलं, पण कौतुकाच्या बाबतीत हात आखडता. दोरी लावून ओढलेली पांढरी रेघ केसासारखी सरळ आली तरी सासरे डोळा बारीक करून बघायचे आणि म्हणायचे, "ठीक आहे." याहून वर त्यांचं तोंड कधी गेलंच नाही. थोरल्याने ते 'ठीक आहे' सोन्यासारखं जपलं.

जमिनीखालच्या पाइपांचा नकाशा कुठेच नव्हता. तो म्हाताऱ्याच्या डोक्यात होता. लग्नानंतर दुसऱ्या वर्षी मैदानाच्या डाव्या बाजूला पाणी तुंबलं, तेव्हा दोघांनी मिळून दोन दिवस खणलं. सासऱ्यांनी पालथं पडून पाइपात खांद्यापर्यंत हात घातला आणि झाडाचं एक लांबलचक मूळ ओढून काढलं. "बाकीचे कुठून जातात?" थोरल्याने विचारलं होतं. "नंतर सांगेन," सासरे म्हणाले. त्या 'नंतर'ची तो वाट बघत राहिला.

मग फुटबॉल आला.

रस्ता रुंद करायचा म्हणून पलीकडच्या वस्तीतलं फुटबॉलचं मैदान गेलं. तो क्लब मोठा, पोरंपोरी मिळून नऊ संघ, पण पाय ठेवायला जागा नाही. रग्बीकडे जागा होती, पण खेळणारे कमी होत चाललेले. दोन्हीकडच्या कमिट्या चहाच्या खोलीत चार वेळा बसल्या आणि बारा ओळींचा एक करार भिंतीवर लागला. शनिवारी रग्बी, रविवारी फुटबॉल. रग्बीच्या रेघा पांढऱ्या, फुटबॉलच्या निळ्या. रग्बीचे उंच खांब काढता-घालता यावेत म्हणून जमिनीत लोखंडी खोबण्या बसवायच्या. गवताची उंची: दोघांच्या मधली. आणि मैदान खेळण्याजोगं आहे की नाही, हे शनिवारी रग्बीचा माळी ठरवेल, रविवारी फुटबॉलचा.

"फुटबॉलचा माळी कोण?" थोरल्याने सेक्रेटरीला विचारलं.

सेक्रेटरी चकित झाला. "म्हणजे? तुम्हाला माहीत नाही? तुमचेच साडू की! तुमच्या सासऱ्यांनीच नाव सुचवलं."

थोरल्याच्या हातातला चहा तिथल्या तिथे गार झाला. साडू म्हणजे मेहुणीचा नवरा, धाकटा जावई. एका रोपवाटिकेत कामाला होता. हसरा, बोलका, सदा तोंडात शिट्टी. घरात कुणाशी त्याचं वाकडं नाही. थोरल्याशीही नव्हतं. पण सासऱ्यांनी नाव सुचवावं आणि एका शब्दाने विचारू नये? घरी आल्यावर तो बायकोला म्हणाला, "तुझ्या बापाला माझं काम पुरलं नाही वाटतं."

"अहो, बाबा थकलेत. त्यांना वाटलं असेल, घरातलंच कुणी असलेलं बरं."

"घरातलं? मी काय दारातला आहे?"

त्या दिवसापासून तो मांडवाखालच्या खोल्यांत गेला नाही. सासूबाई वारल्या होत्या, म्हाताऱ्याचे डोळे अधू झाले होते, म्हणून मेहुणी आणि धाकटा तिथे राहायला आले. हे त्याला आणखीच झोंबलं. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हाच, असं तो मनातल्या मनात दिवसातून दहा वेळा म्हणे.

हेवा ही मोठी कष्टाळू चीज. ती माणसाला बसू देत नाही. थोरला मैदानावर पहाटेच येऊ लागला, कारण धाकट्याच्या आधी आलं पाहिजे. पांढऱ्या रेघा दोनदा मारू लागला, कारण निळ्या जास्त ठसठशीत दिसत होत्या. धाकट्याने गोलपुढची टक्कल पडलेली जागा तीन आठवड्यांत हिरवी केली, तेव्हा थोरला तिथे एकटाच गेला, गुडघ्यावर बसला आणि रोपं उपटून मुळं बघितली. मुळं खोल गेली होती. त्याने ती परत दाबून बसवली.

चहाच्या खोलीतल्या बाई पूर्वी त्याच्यासाठी मोठा कप बाजूला ठेवत. आता तो कप धाकट्याच्या हातात दिसे. बाईंच्या मते त्यात काही नव्हतं. जो चहाला आधी येईल त्याला मोठा कप. पण थोरल्याला हिशेब वेगळा दिसे. लोक म्हणत, "काय मैदान झालंय हो हल्ली!" त्यातलं ते 'हल्ली' त्याच्या कानात काट्यासारखं रुतून बसे. हल्ली? मग एकोणीस वर्षं काय इथे कोबी लावला होता?

पण या सगळ्यावर कडी होती ती सकाळच्या फेरीची. रोज सकाळी नऊच्या सुमाराला धाकटा म्हाताऱ्याचा हात धरून त्याला मैदानावर आणायचा. दोघं हळूहळू चालत. म्हातारा मधेच थांबून काठीने जमिनीवर ठोके द्यायचा, इकडून तिकडे बोट फिरवायचा, पुन्हा ठोके द्यायचा. धाकटा मान डोलवायचा. थोरला लांब, अवजारांच्या शेडच्या दारात उभा राहून बघायचा. काय चाललंय ते कळायला त्याला अक्कल उसनी आणायची गरज नव्हती. म्हातारा पाइप दाखवत होता. जे त्याला 'नंतर सांगेन' म्हटलं होतं, ते दुसऱ्याला सांगत होता.

एकदा वारा त्याच्या दिशेने होता. म्हाताऱ्याने धाकट्याच्या पाठीवर थाप मारली आणि मोठ्याने म्हणाला, "शाबास! असा हात लाखात एकाचा."

थोरला शेडमध्ये गेला आणि दार लावून घेतलं. एकोणीस वर्षांत एक 'शाबास' नाही. त्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली, आणि मग कितीतरी वेळ डोळ्यांत पाणी राहिलं.

बायको अधूनमधून म्हणायची, "बाबा तुमची फार आठवण काढतात हो. एकदा जाऊन या."

"आठवण काढायला तो आहे ना जवळ? त्यालाच सांगा म्हणावं."

"बाबांचं आता पूर्वीसारखं राहिलं नाही. काही बोलतात, काही विसरतात…"

"पाइप बरे आठवतात," थोरला म्हणाला. बायकोने हात टेकले. गाढवापुढे गीता वाचायची तरी किती?

असं एक वर्ष आणि वर दोन महिने गेले. आणि फुटबॉलचा पहिला संघ, आजवर कधी पोचला नव्हता तिथवर कपच्या स्पर्धेत पोचला. उपान्त्यपूर्व सामना, तोही घरच्या मैदानावर, रविवारी दुपारी. उपनगरात जिकडेतिकडे तोच विषय. दुकानांच्या काचांवर कागद लागले. त्याच्या आदल्या दिवशी, शनिवारी, रग्बीचा एक साधा मैत्रीचा सामना होता. हरलो काय, जिंकलो काय, कुणी विचारणार नव्हतं.

त्या आठवड्यात पाच दिवस पाऊस पडला.

शनिवारी सकाळी थोरला मैदानात उतरला, तेव्हा बुटाखाली पाणी पचपचलं. टाच दाबली की खड्डा पडे आणि तो पाण्याने भरे. अशा दिवशी मैदान बंद ठेवायचं, हे त्याला कुणी शिकवायची गरज नव्हती. सासऱ्यांचा तर पहिला धडाच तो होता. रग्बीचा कप्तान, चांगला दांडगा सुतार, शेजारी येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "थोरले, राहू द्या ना आज. समोरच्यांना फोन करतो. पुढच्या शनिवारी खेळू."

थोरल्याने उत्तर द्यायच्या आधी धाकटा धावत आला. आज तोंडात शिट्टी नव्हती. "दादा, एक विनंती आहे. उद्या कपचा सामना आहे. आज सबंध नाही, पण निदान मधला भाग तरी…"

त्या 'दादा'ने खरं तर काम व्हायला हवं होतं. पण थोरल्याला दिसली ती फक्त त्याच्या चेहऱ्यावरची काळजी, आणि ती बघून त्याला बरं वाटलं. वर्षभरात पहिल्यांदा बरं वाटलं. त्याने खिशातून पट्टी काढली, वाकला, गवतात उभी धरली.

"गवत मापात आहे," तो म्हणाला. "करारात गवताचं लिहिलंय. शनिवारी मी ठरवायचं, असंही लिहिलंय. खेळा."

"अहो पण थोरले…" कप्तान म्हणाला.

"रग्बी आहे ना ही? का पत्ते खेळायचेत? खेळा म्हटलं ना."

खेळले. तीस धिप्पाड माणसं दीड तास त्या लोण्यासारख्या मातीत झुंजली. रग्बीत स्क्रम म्हणून एक प्रकार असतो. दोन्हीकडचे आठ-आठ गडी खांद्याला खांदा लावून एकमेकांना रेटतात, टाचा जमिनीत रोवून. त्या दिवशी चेंडू ओला, तो सारखा हातातून निसटे, आणि दर वेळी स्क्रम लागे. मैदानाच्या डाव्या अंगाला एकाच जागी अकरा स्क्रम झाले. थोरल्याने मोजले. शेवटी तिथे गवत नव्हतं, नांगरलेलं वावर होतं.

सामना संपला तसा धाकटा चार दातांचं फावडं घेऊन उतरला.  माती उचलायची, टोचायची, वाळू टाकायची, पायाने दाबायची. उजेड असेपर्यंत तो एकटाच वाकलेला दिसत होता. थोरला शेडमध्ये रेघा मारायचं यंत्र धूत होता. ते केव्हाच धुऊन झालं होतं.

रविवारी सकाळी पंच आले. सबंध मैदान फिरले, आणि डाव्या अंगाला त्यांचा पाय घोट्यापर्यंत खचला. त्यांनी पाय ओढून काढला, तर तिथली माती परातीएवढी खाली बसली. बघता बघता तिचा बैलगाडीएवढा खड्डा झाला, आणि तळाशी काळं पाणी आणि भाजक्या पाइपाचे तुकडे दिसू लागले. लोक गोळा झाले.  पन्नास वर्षांपूर्वी बुजवलेला खड्डा पुन्हा तोंड उघडून बसला होता.

सामना दुसऱ्या संघाच्या मैदानावर हलवला आणि तिथे फुटबॉलवाले तीन-शून्यने हरले. आणि मैदान? कमिटीने फाटकाला साखळी घातली. पाइप कुठून कुठे जातात ते कळल्याशिवाय आत कुणी पाऊल टाकायचं नाही. ना रग्बी, ना फुटबॉल. थोरला धाकट्याचा एक दिवस बुडवायला गेला आणि दोघांचंही मैदान बुडवून बसला.

त्याला कुणी दोष दिला नाही. 'पाऊसच तसा होता,' सगळे म्हणाले. सुताराने फक्त एकदा त्याच्याकडे बघितलं आणि मान फिरवली. 

मंगळवारी सेक्रेटरी म्हणाला, "म्हाताऱ्यांनी धाकट्यांना सगळे पाइप दाखवलेत म्हणे. ते तुमचे साडू. तुम्हीच जरा बोला."

जावं तर लागणार होतं. वर्ष आणि दोन महिन्यांनी थोरला मांडवाखालच्या पायऱ्या उतरला. मेहुणीने दार उघडलं, "या भाऊजी," म्हणाली आणि खुर्ची पुसली. धाकटा टेबलापाशी बसला होता. त्याच्यासमोर सामन्याचं जुनं पोस्टर उलटं पसरलं होतं, आणि त्यावर पेन्सिलीने मैदान, खांब, झाडं आणि रेघाच रेघा.

"पाइप?" थोरल्याने विचारलं.

"हो. रोज जेवढं सांगत, तेवढं घरी येऊन काढत होतो."

थोरल्याचा आवाज चढला. त्याला चढवायचा नव्हता. "मला म्हणाले होते, नंतर सांगेन. बावीस वर्षं झाली. मला नाही सांगितलं. तुला सांगितलं."

धाकट्याने पेन्सिल खाली ठेवली. बायकोकडे बघितलं. ती म्हणाली, "सांगून टाका आता."

"दादा, बाबांनी मला काहीच सांगितलं नाही," धाकटा म्हणाला. "त्यांनी तुम्हालाच सांगितलं. ते मला थोरल्या म्हणून हाक मारतात."

"काय?"

"मी इथे राहायला आल्यापासून. डोळ्यांना दिसत नाही, डोक्यातलं सगळं मागे-पुढे झालंय. मैदानावर हात धरून नेणारा जावई म्हणजे थोरला, एवढंच त्यांना ठाऊक आहे. सकाळी उठले की विचारतात, थोरला आला का? मी म्हणतो, आलो."

थोरला खुर्चीवर टेकला. "ते शाबास…"

"तुमचंच. सगळं तुमचं. रोलर कसा तुम्ही एका दुपारी दुरुस्त केलात, रेघ कशी सरळ येते, सगळं. वर्षभर मी तुमच्या नावावर बसून ऐकलंय."

"मग मला सांगायला काय झालं होतं?"

"दोनदा आलो होतो सांगायला. तुम्ही खिशातून पट्टी काढून गवत मोजायला लागलात." धाकट्याने पोस्टरचा कोपरा सरळ केला. "तिसऱ्यांदा आलो नाही, ते मात्र मुद्दाम. खरं सांगू? आधी मला बरं वाटायचं. माझ्या बापाने मला कधी असं जवळ घेतलं नाही. कुणाच्या का नावाने होईना, पाठीवर हात तर पडत होता. मग मग राग यायला लागला. बाबांना आंघोळ मी घालायची, औषध मी द्यायचं, आणि कौतुक तुमचं ऐकायचं. रोज! मनात म्हणायचो, या माणसाला एकदा कुणीतरी चिखलात पाडा."

 मेहुणीने चहा आणून ठेवला. दोन्ही कप एकाच मापाचे होते की नाही, हे बघायचं या वेळी थोरल्याला सुचलं नाही.

"शनिवारी मैदान बंद ठेवायला हवं होतं," तो शेवटी म्हणाला.

"माहीत आहे मला."

"मी मुद्दाम…"

"तेही माहीत आहे, दादा. चहा घ्या."

चहा घेऊन थोरला आतल्या खोलीत गेला. म्हातारा खिडकीशी, गुडघ्यांवर शाल घेऊन बसला होता. वर्षभरात केवढा आटला होता! थोरला खाली बसला आणि त्याचा हात हातात घेतला. "बाबा, मी आलोय. थोरला."

म्हाताऱ्याने मान तिरकी केली. आवाज ऐकला. मग हसला. "थोरला बाहेर आहे की. आत्ताच बोलत होता. हल्ली शिट्टी वाजवत फिरतो, नवीनच खोड लागलीय. तुम्ही कुठल्या क्लबाचे?"

थोरल्याने हात सोडला नाही. काय सांगायचं? "रग्बीचा," तो म्हणाला.

"मग तुम्हाला माहीतच असेल तो. हात फार चांगला आहे त्याचा. मी मुलगा मागितला होता, झाला नाही. तो मिळाला." म्हातारा वाकून हळूच म्हणाला, "पण तोंडावर सांगू नका हं. चढेल. जरा मानी आहे."

"नाही सांगत," थोरला म्हणाला. बराच वेळ तो तिथेच बसून राहिला, दुसऱ्या क्लबाचा कुणीतरी म्हणून.

त्या शुक्रवारी दोन्ही कमिट्या एकत्र बसल्या. धाकट्याने पोस्टर टेबलावर पसरलं. थोरला उठून उभा राहिला. असं उभं राहून बोलायची त्याला सवय नव्हती. "हे सगळं सुरू होण्याआधी एक सांगायचंय. शनिवारी मैदान खेळण्याजोगं नव्हतं. मला ते दिसत होतं. कप्तान नको म्हणत होते. मी खेळायला लावलं. साडूच्या रागाने लावलं." एवढं बोलून तो खाली बसला. फुटबॉलवाल्यांपैकी एकजण रागाने उठून बाहेर गेला. सुताराने मात्र पाण्याचा पेला त्याच्यापुढे सरकवला. कमिटीने करारातली ती ओळ खोडली. यापुढे शनिवारी असो की रविवारी, मैदानाचं दोघांनी मिळून ठरवायचं. एकाने नाही म्हटलं की नाही.

दुरुस्तीला अकरा आठवडे लागले. नकाशात एक चूक निघाली. डाव्या अंगाचा पाइप म्हाताऱ्याने सरळ सांगितला होता, पण ते मूळ काढलं तिथे तो वळत होता. हे फक्त थोरल्याला आठवत होतं. त्याने तिथे पहार रोवली आणि दोन फुटांवर पाइप लागला. "नकाशात नाही हे," धाकटा म्हणाला. "नसेल. माझ्यासमोर खणलंय," थोरला म्हणाला, आणि ते म्हणताना त्याला जो आनंद झाला तो लपवायचा त्याने बिलकूल प्रयत्न केला नाही. रग्बीच्या दांडग्यांनी वाळूची पोती वाहिली, फुटबॉलच्या पोरींनी ढेकळं फोडली. म्हातारा खुर्चीत बसून दोन्हीकडच्यांना सारख्याच शिव्या देत होता.

पहिला सामना कुणाचा, यावर चिठ्ठ्या टाकल्या आणि फुटबॉलची निघाली. उद्घाटनाला सेक्रेटरीने भाषण केलं आणि धाकट्यांनी काढलेल्या नकाशाचे आभार मानले. डाव्या अंगाच्या वळणाचा उल्लेख राहून गेला.

घरी जाताना बायकोने त्याच्याकडे बघितलं. मग हळूच म्हणाली, "वाईट वाटलं ना?"

"मला कशाला वाटेल?" थोरला म्हणाला. दहा पावलं गेल्यावर म्हणाला, "वाटलं थोडं."

"सुंभ जळला तरी पीळ जायचा नाही तुमचा."

"नाही जात. मी काय करू?" तो म्हणाला. "उद्या सकाळी बाबांना मी फिरवणार आहे. त्याला सांगितलंय. त्याला म्हटलं, तू जरा झोप."

"आणि बाबांनी ओळखलं नाही तर?"

थोरल्याने थोडा विचार केला. "तर बाबा मला माझ्याबद्दल सांगतील," तो म्हणाला आणि घराच्या फाटकाची कडी सरकवून आत गेला.